टाइम मशीन कुणाच्या डोक्यातून आली? एच. जी. वेल्सची गोष्ट

टाइम ट्रॅव्हलवरचा एखादा सिनेमा किंवा सिरीज तुम्ही मोबाइलवर नक्कीच पाहिली असेल. हिरो मशीनमध्ये बसतो, तारीख सेट करतो आणि थेट भूतकाळात पोहोचतो. हे सगळं आता इतकं ओळखीचं झालंय, की 'टाइम मशीन' हा शब्द कुणीतरी पहिल्यांदा तयार केला असेल हे लक्षातही येत नाही. तो दिला हर्बर्ट जॉर्ज वेल्स या इंग्रज लेखकाने. १८९५ साली आलेल्या त्याच्या पहिल्याच कादंबरीचं ते नाव होतं. तेव्हा तो २८ वर्षांचा होता, तब्येत ढासळलेली होती आणि आपल्या हातात फार दिवस नाहीत असं त्याला वाटत होतं. चला तर मग, त्याची गोष्ट जाणून घेऊया.

कापडाच्या दुकानातला पोरगा

वेल्सचा जन्म २१ सप्टेंबर १८६६ रोजी लंडनजवळच्या ब्रॉमली गावात झाला. वडील जोसेफ चिनीमातीची भांडी आणि क्रिकेटचं सामान विकायचे. दुकान कधीच धड चाललं नाही, पण जोसेफ बॉलर मात्र भारी होते. १८६२ मध्ये केंटकडून खेळताना त्यांनी ससेक्सच्या चार विकेट सलग चार चेंडूंत काढल्या. फर्स्ट क्लास क्रिकेटमध्ये हे करणारे ते पहिलेच.

१८७४ मध्ये लहानग्या वेल्सचा पाय मोडला. अंथरुणावर पडल्या पडल्या तो वडिलांनी लायब्ररीतून आणलेली पुस्तकं वाचू लागला आणि वाचनाचा नाद लागला तो कायमचा. तीन वर्षांनी वडिलांच्या मांडीचं हाड मोडलं. क्रिकेट संपलं आणि त्यातून येणारे पैसेही थांबले. आई सारा अपपार्क नावाच्या एका हवेलीत हाउसकीपर म्हणून कामाला लागली. मुलाला कापडाच्या दुकानात उमेदवारीला पाठवलं. दिवसाला १३ तास काम आणि रात्री बाकीच्या पोरांबरोबर तिथेच झोपायचं. हे आयुष्य त्याला अजिबात मानवलं नाही.

आईला भेटायला तो अपपार्कला जायचा. तिथे स्वयंपाकघर आणि तबेले मुख्य घराला भुयारांनी जोडलेले होते. नोकरमाणसं या भुयारांतून ये-जा करायची, म्हणजे वरच्या मालकांच्या नजरेला पडायची नाहीत. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे कामाला येणार आहे.

शिष्यवृत्ती, नापास आणि आजारपण

१८८३ मध्ये त्याने दुकान सोडलं आणि एका शाळेत मदतनीस शिक्षक झाला. पुढच्याच वर्षी लंडनच्या सायन्स कॉलेजची शिष्यवृत्ती मिळाली. आठवड्याला एक गिनी, म्हणजे जेमतेम पोट भरेल एवढीच रक्कम. पण शिकवायला थॉमस हक्स्ली होते, डार्विनच्या सिद्धांताची बाजू जगापुढे लढवणारे. पहिलं वर्ष छान गेलं. नंतर अभ्यासातून लक्ष उडालं आणि १८८७ मध्ये तो जिऑलॉजीत नापास झाला. डिग्री न घेताच बाहेर पडला.

वेल्समधल्या एका शाळेत शिकवताना फुटबॉलच्या मैदानावर त्याला जबर मार लागला. मूत्रपिंडाला इजा झाली, मग खोकल्यातून रक्त पडू लागलं. क्षयाचा संशय आला, आणि त्या काळी क्षयावर औषध नव्हतं. याच दिवसांत, १८८८ मध्ये, त्याने कॉलेजच्या मासिकासाठी काळातून प्रवास करणाऱ्या शास्त्रज्ञाची कथा लिहायला घेतली. ती अर्धवटच राहिली, पण कल्पना डोक्यातून गेली नाही.

१८९० मध्ये त्याने बाहेरून परीक्षा देऊन बीएस्सी पूर्ण केलं. १८९३ मध्ये पुन्हा रक्त पडलं आणि वर्गात उभं राहून शिकवणं बंद झालं. आता लिहूनच पोट भरायचं होतं. १८९४ मध्ये पहिलं लग्न मोडून तो आपली विद्यार्थिनी एमी कॅथरीन हिच्याबरोबर राहू लागला. त्या काळात ही मोठीच बदनामी. सेव्हनओक्स गावच्या भाड्याच्या खोलीत, रात्री दिवा लावून, त्याने ती जुनी कल्पना पुन्हा लिहून काढली. जानेवारी ते मे १८९५ ती मासिकात क्रमशः छापून आली आणि मे महिन्यात पुस्तक निघालं. त्याच वर्षी त्याने एमीशी लग्न केलं.

ही मशीन चालते कशी?

काळातून नेणारं यंत्र १८८७ च्या एका स्पॅनिश कादंबरीतही होतं. वेल्सने आणखी एक गोष्ट केली. त्याने कारण दिलं. लांबी, रुंदी, उंची ही तीन मापं, तसा काळ हे चौथं माप आहे, असं त्याचा नायक सांगतो.

सोप्या भाषेत बघू. तुम्ही मित्राला फक्त 'वर्ध्याच्या नालवाडीत भेटू' असं सांगितलं, तर भेट होईल का? जागा कळली, पण 'संध्याकाळी सहाला' हेही सांगावं लागेल. म्हणजे भेटीचा पत्ता वेळेशिवाय पूर्ण होत नाही.

वेल्सची मशीन जागा सोडत नाही, फक्त वेळ बदलते. ती नालवाडीत ठेवून १९३० च्या दशकात मागे नेली, तर विनोबा भावेंचा आश्रम आणि टकळीवर सूत कातणारी माणसं दिसतील. पुढे नेली तरी तुम्ही नालवाडीतच. कादंबरीत मशीन प्रयोगशाळेच्या दुसऱ्या कोपऱ्यात परत येते, कारण भविष्यात कुणीतरी ती तेवढी ओढत नेलेली असते.

आइन्स्टाइनचा सापेक्षता सिद्धांत आला १९०५ मध्ये, म्हणजे कादंबरीनंतर दहा वर्षांनी. काळ सगळीकडे सारख्या वेगाने चालत नाही, हे त्यातून कळलं. तुमच्या मोबाइलच्या जीपीएसला याचा हिशोब ठेवावाच लागतो. उपग्रहांवरची घड्याळं जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. ही चूक दुरुस्त केली नाही, तर मॅपवरचं ठिकाण एका दिवसात साधारण १० किलोमीटरने चुकू लागेल.

मग ही प्रेमकथा आहे का?

त्या काळी अशा पुस्तकांना 'सायंटिफिक रोमान्स' म्हणायचे. इथे रोमान्स म्हणजे अद्भुत साहसकथा. तरी यात एक हळवं नातं आहे. नायक सन ८०२७०१ मध्ये पोहोचतो. तिथे नदीत बुडणाऱ्या वीनाला तो वाचवतो. ती त्याच्या मागे मागे फिरते, खिशात फुलं ठेवते. शेवटी एका रात्री जंगलात वणवा पेटतो आणि ती हरवते. तो परततो तेव्हा खिशात दोन सुकलेली फुलं असतात.

वीनाचे लोक, इलॉय, वर उजेडात मजेत राहतात. मॉरलॉक जमिनीखाली यंत्रं चालवतात आणि रात्री वर येऊन इलॉयना खातात. आठवली अपपार्कची भुयारं? काम करणाऱ्यांना नजरेआड ठेवत गेलो तर माणसाचं पुढे काय होईल, हा कादंबरीचा खरा प्रश्न आहे. खाणीत आणि फॅक्टरीत राबणारे हात न बघता फोन वापरणाऱ्या आपल्यालाही तो लागू होतो.

पुढे काय झालं?

वेल्सचा अंदाज चुकला आणि तो भरपूर जगला. 'द इनव्हिजिबल मॅन' १८९७ मध्ये आली, 'द वॉर ऑफ द वर्ल्ड्स' १८९८ मध्ये. १९१४ च्या एका कादंबरीत त्याने अणुबॉम्ब हा शब्द वापरला. १९३८ मध्ये 'वर्ल्ड ब्रेन' या पुस्तकात त्याने जगातलं सगळं ज्ञान एकत्र करणाऱ्या, सतत अपडेट होणाऱ्या विश्वकोशाची कल्पना मांडली. हिरोशिमावर बॉम्ब पडल्यानंतर वर्षभराने, १३ ऑगस्ट १९४६ रोजी, वयाच्या ७९ व्या वर्षी तो गेला.

'द टाइम मशीन' छोटीशी कादंबरी आहे. कॉपीराइट संपल्यामुळे ती इंटरनेटवर मोफत आणि कायदेशीर वाचता येते. पुढच्या वेळी मॅप उघडून रस्ता शोधाल, तेव्हा ती पण डाउनलोड करून ठेवा.