पाद्री आणि विश्वाचा आरंभ

मी सातवी शिकलेली. शास्त्रावर लिहावे अशी माझी पायरी नव्हे. परंतु यंदा आमच्या घरी देवघरावरून वाद झाला. विश्व एका स्फोटातून झाले, मग तुझा देव कुठे, असे कॉलेजात शिकणाऱ्या मुलाने विचारले. मला उत्तर सुचेना. पुढे त्याच्याच पुस्तकात मला जॉर्ज लमेत्र भेटले, ती कल्पना मांडणारे गृहस्थ. ते पाद्री होते हे वाचले, तेव्हा मला कोण आनंद झाला! आता लेकाला गप्प करते म्हटले.

लमेत्र यांचा जन्म १८९४ साली बेल्जममध्ये झाला. इंजिनिअरीचा अभ्यास सोडून ते पहिल्या महायुद्धात लढले. परत आल्यावर गणित शिकले, आणि १९२३ साली धर्मदीक्षाही घेतली. नंतर केंब्रिजला एडिंग्टन यांच्यापाशी शिकून ते लूव्हेनला प्राध्यापक झाले. १९२७ साली त्यांनी दाखविले की विश्व पसरते आहे. फुग्यावर शाईचे ठिपके काढून तो फुगवला की ठिपके एकमेकांपासून दूर सरतात, तशा आकाशगंगा. (मुलाने मला खरोखरच फुगा फुगवून दाखविला.) आइन्स्टाइन यांना गणित बरोबर वाटले, पण कल्पना रुचली नाही. १९३१ साली लमेत्र यांनी पुढचे पाऊल टाकले. हे पसरणे उलटे मोजीत गेले, तर आरंभी सारे विश्व एका अणूत सामावलेले असणार.

१९५१ साली खुद्द पोप यांनी भाषणात सांगितले की विज्ञानाच्या नव्या शोधांतून ईश्वराच्या निर्मितीची साक्ष मिळते. मी असते तर पेढे वाटले असते. लमेत्र मात्र अस्वस्थ झाले. सिद्धांत उद्या बदलू शकतो. त्यावर श्रद्धा टांगू नये, आणि श्रद्धेच्या आधाराने गणितही मांडू नये, असे त्यांचे मत होते. पुढच्या वर्षी रोमला जमलेल्या ज्योतिर्विदांपुढे पोप यांनी तो मुद्दा पुन्हा काढला नाही.

हे वाचून मी पुस्तक मिटून बसले. लेकाला गप्प करायला घेतलेली काठी त्या पाद्रीबाबांनीच माझ्या हातून काढून घेतली होती!

लमेत्र १९६६ च्या जूनमध्ये वारले. त्या आरंभीच्या उष्णतेचा अवशेष आकाशात सापडल्याची वार्ता त्यांना आजारपणात कळली होती. अखेरपर्यंत ते पाद्रीच राहिले.

संध्याकाळी मी नेहमीप्रमाणे दिवा लावला. मुलगा शेजारीच अभ्यास करीत होता. मी त्याला तो फुगा पुन्हा एकदा फुगवून दाखवायला सांगितले.