नऊ दिवसांचा चित्रपट

३१ मे १९४५ रोजी बव्हेरियातील बाड वोरिसहोफेन या गावी रायनर वेर्नर फासबिंडर जन्मला, तेव्हा जर्मनीच्या शरणागतीला महिनाही झाला नव्हता. वडील डॉक्टर. तो सहा वर्षांचा असताना आईवडील विभक्त झाले. आई भाषांतरे करी आणि कामात व्यत्यय नको म्हणून मुलाला सिनेमाला धाडी. पुढे शाळा अर्धवट सुटली. बर्लिनच्या चित्रपट-शिक्षणसंस्थेने प्रवेश नाकारला. मग म्युनिकच्या एका लहानशा नाटकमंडळीत तो शिरला आणि थोड्याच काळात तिचा म्होरक्या झाला.

१९६९ साली त्याने ‘कात्सेलमाखर’ हा चित्रपट अवघ्या नऊ दिवसांत पुरा केला. दक्षिणेकडून आलेल्या मजुरांना बव्हेरियात हिणवण्यासाठी वापरतात तो हा शब्द. लेखन, दिग्दर्शन त्याचेच. ग्रीक मजूरही तोच झाला. तीच ती मंडळी, मोजक्या जागा, आणि मिळालेल्या बक्षिसाचे पैसे पुढच्या चित्रपटात. आम्हां वाणिज्य शाखेच्या विद्यार्थ्यांना हा हिशेब मोह पाडणारा आहे.

१९७४ मध्ये त्याचा ‘भीती आत्म्याला खाते’ आला. सफाईकाम करणारी साठीची विधवा एमी आणि मोरोक्कोचा तरुण कामगार अली लग्न करतात. शेजारी तोंड फिरवतात. एमीचा मुलगा संतापून घरातला टेलिव्हिजन लाथेने फोडतो. मी वर दिलेले मराठी नाव मात्र फारच शुद्ध झाले. मूळ जर्मन नावातले क्रियापद चुकीचे आहे, कारण ते अलीच्या मोडक्या जर्मनमधले आहे. घरात एक आणि बाजारात दुसरी भाषा बोलणाऱ्या आपल्यासारख्यांना ती चूक समजावून सांगावी लागत नाही.

टेलिव्हिजनला त्याने कमी लेखले नाही. कारखान्यातील कामगारांवरची त्याची मालिका १९७२-७३ मध्ये पाच भागांवर थांबली; बेत आठांचा होता. १९८० साली मात्र आल्फ्रेड डोब्लिनच्या कादंबरीवर त्याने ‘बर्लिन आलेक्झांडरप्लाट्झ’ केली : तेरा भाग आणि उपसंहार, मिळून पंधरा तासांहून अधिक. तुरुंगातून सुटलेला एक माणूस सरळ जगू पाहतो आणि त्याला ते जमत नाही. पडद्यावर नुसता काळोख दिसतो, अशी प्रेक्षकांची ओरड झाली.

तेरा वर्षांत सुमारे चाळीस कामे! हा वेग झोपेतून आणि शरीरातून वसूल होत होता. सहकाऱ्यांनाही त्याची झळ बसे. फेब्रुवारी १९८२ मध्ये ‘वेरोनिका फोस’ला बर्लिन महोत्सवाचे सर्वोच्च पारितोषिक मिळाले. १० जूनला कोकेन आणि झोपेच्या गोळ्यांनी म्युनिकमध्ये त्याचा अंत झाला. वय ३७. ‘केरेल’ हा शेवटचा चित्रपट त्याच्या मागे प्रदर्शित झाला.