गाणाऱ्यांची नावे लिहून ठेवणारा गुलामपुत्र : जेम्स ट्रॉटर

ज्यांच्या हाती लेखणी त्यांचाच इतिहास, हे आमच्या समाजाला नव्याने सांगायची गरज नाही. राबणाऱ्याने राबावे, गाणाऱ्याने गावे आणि नाव मात्र मालकाचे व्हावे, ही रीत जगभर चालत आली. अमेरिकेतील गुलामांच्या बाजारात माणसाचे वय, अंगकाठी आणि किंमत कागदावर चढत असे. तो फिडल वाजवतो किंवा गातो एवढेही लिहिले जाई, कारण त्यामुळे भाव वाढे. पण तो काय वाजवत होता, कोणाकडून शिकला, त्याने स्वतः काय रचले, हे लिहून ठेवायची मालकाला गरज नव्हती. ही गरज ओळखली ती गुलाम आईच्या पोटी जन्मलेल्या एका माणसाने. त्याचे नाव जेम्स मन्रो ट्रॉटर. कृष्णवर्णीय गायक-वादकांची चरित्रे एकत्र करून त्यांनी १८७८ साली बोस्टनमध्ये ग्रंथ प्रसिद्ध केला. त्यांच्या आयुष्याची ओळख आमच्या वाचकांना करून द्यावी असे आम्हाला फार दिवस वाटत होते.

ट्रॉटर यांचा जन्म ७ फेब्रुवारी १८४२ रोजी मिसिसिपी राज्यातील ग्रँड गल्फ या गावाजवळ झाला. आई लेटिशिया गुलाम होती आणि बाप रिचर्ड ट्रॉटर हा तिचा गोरा मालक. कायद्याने मूल आईच्या दर्जाचे, म्हणून पोटचा मुलगाच बापाची मालमत्ता ठरत होता. मनुस्मृतीने आमच्याकडे जन्मावरून माणसाची जागा ठरवली, तिकडे मळेवाल्यांच्या कायद्याने तेच केले. १८५० नंतरच्या काही वर्षांत लेटिशिया आणि तिची मुले ओहायो नदीकाठच्या सिनसिनाटी शहरात आली. ओहायोमध्ये गुलामगिरीला बंदी होती. तिथे हायरम गिलमोर नावाच्या पाद्र्याने कृष्णवर्णीय मुलांसाठी काढलेल्या शाळेत जेम्स शिकू लागला. पोटासाठी त्याने हॉटेलात सामान उचलले, नदीवरच्या बोटीवर पोऱ्याचे काम केले. पुढे ओहायोतच त्याने संगीताचेही शिक्षण घेतले आणि तो शाळामास्तर झाला. जोतीराव आणि सावित्रीमाईंनी १८४८ साली पुण्यात शाळा काढून जे बीज पेरले, त्याच जातीचे हे बीज होते. एका शाळेने एका गुलाम मुलाच्या हाती लेखणी दिली आणि त्या लेखणीने पुढे शेकडो जणांची नावे वाचवली.

१८६१ साली उत्तर आणि दक्षिण यांच्यात यादवी युद्ध पेटले. कृष्णवर्णीयांना फौजेत घेण्याचा निर्णय झाल्यावर १८६३ मध्ये ट्रॉटर बोस्टनला गेले आणि मॅसॅच्युसेट्सच्या ५५ व्या पलटणीत भरती झाले. थोड्याच काळात ते सार्जंट मेजर झाले. पण तिथेही जात आडवी आलीच, फक्त तिचे नाव रंग होते. गोऱ्या शिपायाला महिना १३ डॉलर आणि वर कपड्यांचा भत्ता. काळ्या शिपायाला १० डॉलर आणि त्यातूनच ३ डॉलर कपड्यांसाठी कापायचे, म्हणजे हातात ७. गोळी मात्र दोघांना सारखीच लागत होती!

५४ व्या आणि ५५ व्या पलटणीने हा पगार घ्यायला नकार दिला. मॅसॅच्युसेट्स राज्य सरकारने वरची रक्कम आपल्या तिजोरीतून भरून देऊ केली, ती सुद्धा त्यांनी घेतली नाही. प्रश्न सहा डॉलरचा नव्हता. देशाचे सरकार आम्हाला पूर्ण शिपाई मानते की नाही, हा प्रश्न होता. घरी बायकापोरे उपाशी, हातात दमडी नाही, तरी हे शिपाई वर्षाहून अधिक काळ बिनपगारी लढले. आपल्या माणसांचा निर्धार टिकवून धरणाऱ्यांमध्ये ट्रॉटर पुढे होते. अखेर जून १८६४ मध्ये अमेरिकी काँग्रेसने समान पगाराचा कायदा केला आणि त्या वर्षाच्या शरद ऋतूत थकलेला पगार पलटणीच्या हाती पडला. ३० नोव्हेंबर १८६४ रोजी साउथ कॅरोलायनातील हनी हिलच्या लढाईत ट्रॉटर जखमी झाले. त्याच वर्षी राज्याच्या गव्हर्नरांनी त्यांना सेकंड लेफ्टनंटची सनद दिली होती, पण युद्ध खात्याने ती लटकवून ठेवली. मान्यता मिळाली ती १८६५ मध्ये, युद्ध संपल्यावर.

हा सगळा तपशील आम्ही मुद्दाम सांगत आहोत. संगीतावर लिहिणाऱ्या माणसाच्या चरित्रात पगाराचा झगडा कशाला, असे कोणाला वाटेल. पण ट्रॉटर यांचा ग्रंथ याच झगड्याचा पुढचा भाग आहे. कमी पगार घेणार नाही असे म्हणणारा माणूस कमी किंमतीचा इतिहासही घेणार नव्हता.

युद्धानंतर ते बोस्टनला टपाल खात्यात नोकरीला लागले. १८६८ साली व्हर्जिनिया आयझॅक्स यांच्याशी त्यांचे लग्न झाले. बोस्टन हे तेव्हा संगीताचे मोठे केंद्र होते. टपालातली नोकरी आणि घरसंसार सांभाळून ट्रॉटर मैफली ऐकत, वर्तमानपत्रांतली परीक्षणे जमवत, कलावंतांची माहिती मिळवत राहिले. त्यातून 'म्युझिक अँड सम हायली म्युझिकल पीपल' हा ग्रंथ तयार झाला. अमेरिकेतील संगीताचा एवढा व्यापक आढावा घेणारे हे पहिलेच पुस्तक मानले जाते. म्हणजे ज्या देशात गोऱ्यांची विद्यापीठे होती, त्या देशाच्या संगीताचा पहिला मोठा आढावा एका गुलामपुत्राने लिहिला. ही गोष्ट शाळेच्या पुस्तकात किती जणांनी वाचली असेल?

या ग्रंथात कोण आहे ते पाहावे. मिसिसिपीत गुलामगिरीत जन्मलेली आणि 'ब्लॅक स्वान' म्हणून गाजलेली गायिका एलिझाबेथ टेलर ग्रीनफिल्ड आहे. १८५३ साली न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन हॉलमध्ये ती गायली, तेव्हा तिच्याच रंगाच्या लोकांना आत सोडले नव्हते. म्हणून नंतर तिने आपल्या लोकांसाठी वेगळा कार्यक्रम केला. पुढच्याच वर्षी तिने इंग्लंडच्या राणी व्हिक्टोरियापुढे गायन केले. मंदिरात मूर्तीपुढे वाजवणारा बाहेर उभा राहतो, हे ज्यांनी पाहिले आहे त्यांना मेट्रोपॉलिटन हॉलचा अर्थ समजावून सांगावा लागणार नाही.

ग्रंथात आंधळा पियानोवादक टॉम आहे. १८४९ साली जॉर्जियात गुलाम म्हणून जन्मलेला हा मुलगा एकदा ऐकलेली चीज जशीच्या तशी वाजवत असे. मालक बेथ्यून कुटुंबाने त्याला गावोगाव फिरवून अमाप पैसा मिळवला. गुलामगिरी कायद्याने संपली तरी टॉमच्या कमाईच्या चाव्या त्याच्या हाती आल्या नाहीत. जाहिरातींत त्याला बुद्धी नसलेला चमत्कारिक प्राणी म्हणून रंगवले जाई. ट्रॉटर यांनी त्याला चमत्काराच्या पिंजऱ्यातून काढून इतर संगीतकारांच्या पंक्तीत बसवले. त्याच पंक्तीत क्लीव्हलंडचे गिटारवादक जस्टिन हॉलंड आहेत, ज्यांनी गिटार शिकण्याचे पद्धतशीर पुस्तक लिहिले. पॅरिसमध्ये शिकलेले क्युबाचे व्हायोलिनवादक जोसेफ व्हाइट आहेत. हायर्स भगिनी आहेत. नॅशव्हिलच्या फिस्क विद्यापीठाचे ज्युबिली गायक आहेत. या विद्यार्थ्यांनी १८७१ पासून गावोगाव आणि पुढे युरोपात गाऊन आपल्या कफल्लक विद्यापीठासाठी पैसा उभा केला आणि त्यातून ज्युबिली हॉल बांधला. गुलाम आईबापांची गाणी गाऊन मुलांनी शिक्षणाची इमारत उभी केली, याहून मोठे संगीत कोणते?

ट्रॉटर यांची लिहिण्याची पद्धत वकिलासारखी आहे. काळ्या माणसाला शास्त्रशुद्ध संगीत जमत नाही, तो फक्त उपजत नाचतो-गातो, असा गोऱ्या समाजाचा आरोप होता. ट्रॉटर यांनी साक्षीपुरावे मांडले. ठिकठिकाणच्या वर्तमानपत्रांतील परीक्षणे त्यांनी पानेच्या पाने दिली. एवढ्यावर न थांबता ग्रंथाच्या शेवटी कृष्णवर्णीय संगीतकारांच्या तेरा रचना स्वरलिपीत छापल्या. ज्याला शंका असेल त्याने पियानोवर बसून वाजवून पाहावे! शिवाय नावाजलेल्या मंडळींवरच न थांबता वेगवेगळ्या शहरांतल्या कमी प्रसिद्ध वादक-गायकांची नावेही त्यांनी नोंदवली. त्यातील कित्येकांची आज उरलेली ओळख या ग्रंथामुळेच आहे.

मात्र आम्ही कोणाची भक्ती करत नाही, म्हणून ग्रंथाची मर्यादाही सांगितली पाहिजे. ट्रॉटर यांची फूटपट्टी युरोपची होती. सभ्य गोऱ्या श्रोत्यांनी वाहवा केली हा त्यांना मोठा पुरावा वाटे. काळ्यांची टिंगल करण्यासाठी गोऱ्यांनी तोंडाला काजळी फासून जे मिन्स्ट्रेल खेळ चालवले, त्यांची त्यांना चीड होती. पोटासाठी काळे कलावंतही त्या खेळांत उतरले होते. जॉर्जिया मिन्स्ट्रेल्स या अशा मंडळीवर प्रकरण लिहिताना त्यांचा संकोच दिसतो, पण त्यातील वादकांचे कसब त्यांनी नाकारले नाही. शेतात राबताना गाणाऱ्या बिननावाच्या माणसापर्यंत मात्र हा ग्रंथ फारसा पोहोचत नाही. आणि पुढे अमेरिकेच्या संगीताने जग जिंकले ते त्याच शेतातल्या गाण्यांच्या जोरावर. जेत्यांच्या मापाने स्वतःला मोजून दाखवण्याची सक्ती दबलेल्या समाजावर होते. तो दोष ट्रॉटर यांचा कमी आणि त्या सक्तीचा अधिक, असे आमचे मत आहे.

नोकरीतही ते वाकले नाहीत. टपाल खात्यात आपल्याला डावलून गोऱ्या माणसाला बढती दिली गेली, तेव्हा त्यांनी राजीनामा दिला. गुलामगिरी संपवणारा म्हणून रिपब्लिकन पक्ष कृष्णवर्णीयांची मते गृहीत धरू लागला होता. आम्ही कोणाच्या दावणीला बांधलेलो नाही, अशी भूमिका घेऊन ट्रॉटर यांनी त्या पक्षाची साथ सोडली. १८८७ मध्ये डेमोक्रॅटिक पक्षाचे राष्ट्राध्यक्ष ग्रोव्हर क्लीव्हलंड यांनी त्यांना राजधानी वॉशिंग्टनच्या जमीनजुमल्याच्या दस्तांची नोंद ठेवणाऱ्या मुख्य अधिकाऱ्याच्या पदावर नेमले. फ्रेडरिक डग्लस यांनी पूर्वी सांभाळलेले हे पद, कृष्णवर्णीयांना तेव्हा मिळणाऱ्या सर्वांत वरच्या सरकारी पदांपैकी एक. ज्याची स्वतःची नोंद कधीकाळी मालमत्तेत झाली असती, तो आता राजधानीच्या मालमत्तेच्या नोंदी ठेवत होता. २६ फेब्रुवारी १८९२ रोजी, वयाच्या ५० व्या वर्षी, क्षयाने त्यांचे निधन झाले. तेव्हा इकडे सुभेदार रामजींच्या घरी भीमराव जेमतेम दहा महिन्यांचे होते.

ट्रॉटर यांचा वारसा त्यांच्या मुलाने चालवला. विल्यम मन्रो ट्रॉटर यांनी १९०१ मध्ये बोस्टनमधून 'गार्डियन' हे पत्र काढले आणि १९०५ मध्ये डॉ. डुबॉइस यांच्याबरोबर नायगारा चळवळ उभी केली. १९१४ च्या नोव्हेंबरात त्यांनी व्हाइट हाउसमध्ये राष्ट्राध्यक्ष विल्सन यांना सरकारी कचेऱ्यांतील वर्णभेदाबद्दल तोंडावर जाब विचारला. त्या वेळी बाबासाहेब न्यूयॉर्कला कोलंबिया विद्यापीठात शिकत होते. पुढे १९४६ साली बाबासाहेबांनी याच डुबॉइस यांना पत्र लिहून दोन्ही समाजांच्या दुःखातील साम्य मांडले. त्याही आधी, १८७३ मध्ये, क्रांतिबा फुल्यांनी 'गुलामगिरी' हा ग्रंथ अमेरिकेत गुलामांना मुक्त करणाऱ्या सदाचारी लोकांना अर्पण केला होता. ट्रॉटर यांचा ग्रंथ त्यानंतर पाचच वर्षांनी आला. ही माणसे एकमेकांना भेटली नाहीत, पण एकाच कामाला लागलेली होती.

आता प्रश्न आमचा आहे. बाबासाहेबांची चळवळ गावकुसाबाहेर पोहोचवली ती पुस्तकांच्या आधी गाण्यांनी. जलसाकारांनी डफ-ढोलकी घेऊन वस्त्या जागवल्या. भीमराव कर्डकांनी जलशांची हकिगत स्वतः लिहून ठेवली, म्हणून ती आपल्याला ठाऊक आहे. वामनदादा कर्डक २००४ मध्ये गेले, विठ्ठल उमप २०१० मध्ये गेले. त्यांची नावे राहतील. पण त्यांच्या मागे कोरस धरणारे, ढोलकी वाजवणारे, रात्रभर गाऊन सकाळी मजुरीला जाणारे शेकडो जण होते, त्यांचे काय? जात्यावर भीमाची ओवी रचणाऱ्या आयाबायांचे काय? गाणे कोणाचे हे ठाऊक नसले की पारंपरिक असा शिक्का मारून मोकळे व्हायचे, ही सुद्धा मालकांचीच रीत आहे.

ट्रॉटर यांच्याजवळ विद्यापीठ नव्हते, अनुदान नव्हते. टपालातली नोकरी होती आणि आपल्या माणसांची नावे बुडू द्यायची नाहीत हा निश्चय होता. आमच्या समाजात आज शिकलेली, नोकरीला लागलेली पिढी आहे. प्रत्येकाच्या वस्तीत एखादा थकलेला गायक, एखादी म्हातारी गाणारी आजी अजून आहे. १४ एप्रिलला त्यांच्या गाण्यावर नाचून आपले कर्तव्य संपत नाही. त्यांच्याजवळ बसा. नाव, गाव, गुरू, साल, चाल विचारा आणि लिहून ठेवा. जुन्या वह्या रद्दीत जाण्याआधी ताब्यात घ्या. बाबासाहेबांनी आम्हाला लेखणी दिली ती अर्ज भरण्यापुरती नव्हे. आमच्या गाणाऱ्यांचा हिशेब आम्हीच लिहिला पाहिजे, आणि तो पूर्ण लिहिला पाहिजे.