एलिझाबेथ फ्राय आणि न्यूगेटचे दार

तुरुंगाचे दार दोन्ही बाजूंनी बंद असते. आतील मनुष्यास बाहेर पडता येत नाही, हे लहान मुलासही ठाऊक असते. परंतु बाहेरील मनुष्यासही आत जाता येत नाही, ही गोष्ट ज्याचे कोणी आत आहे त्यासच खरी कळते. अर्ज करावा, नाते सांगावे, अधिकाऱ्याच्या मर्जीची वाट पाहावी, तेव्हा कोठे गजांआडून दोन शब्दांची भेट पदरात पडते. मग ज्या बंदिवानास आप्त नाही, अथवा ज्याच्या आप्तांनी लाजेने पाठ फिरविली आहे, त्याने कोणाची वाट पाहावी? बंदिवानाची भेट घेणे ही आपलीच भेट घेणे होय, अशी शिकवण प्रभु येशूने शुभवर्तमानात दिली आहे. ती अक्षरशः खरी मानून परक्यांच्या भेटीसाठी तुरुंगाच्या दाराशी उभ्या राहिलेल्या एका स्त्रीचे चरित्र आम्ही आज आमच्या विद्यार्थिमित्रांपुढे आणि त्यांच्या वडीलधाऱ्यांपुढे ठेवीत आहो.

एलिझाबेथ गर्नी हिचा जन्म इंग्लंडातील नॉरिच शहरी २१ मे १७८० रोजी झाला. तिचे वडील जॉन गर्नी हे लोकरीचे मोठे व्यापारी असून त्यांच्या कुळात सावकारीची पेढीही होती. घराणे क्वेकर पंथाचे होते. साधी राहणी, साधी भाषा, उपासनेत मौन आणि युद्धास विरोध ही या पंथाची लक्षणे. गर्नींच्या घरी मात्र गायन, नृत्य, रंगीत वस्त्रे यांस बंदी नव्हती. नॉरिचजवळच्या अर्लहॅम येथील प्रशस्त वाड्यात एलिझाबेथ भावंडांसह वाढली. ती प्रकृतीने नाजूक आणि स्वभावाने अतिशय भित्री होती. अंधाराचे तिला भय वाटे. समुद्रस्नानास नेले म्हणजे ती कासावीस होई. बारा वर्षांची असताना तिची आई वारली. पुढे जी स्त्री लंडनमधील सर्वांत भयंकर तुरुंगात एकटी शिरली, ती बालपणी अशी होती, हे आमच्या वाचकांनी ध्यानात ठेवावे.

१७९८ च्या फेब्रुवारीत विल्यम सेव्हरी नावाचा अमेरिकन क्वेकर उपदेशक नॉरिचच्या सभागृहात आला. त्या दिवशी सतरा वर्षांची एलिझाबेथ लाल नाड्यांचे जांभळे बूट घालून बसली होती आणि उपदेशापेक्षा बुटांकडेच तिचे लक्ष अधिक होते. परंतु सेव्हरीचे भाषण ऐकता ऐकता तिचे डोळे भरून आले. त्यानंतर हळूहळू तिने भपकेदार वस्त्रे टाकिली व क्वेकर स्त्रियांचा साधा वेष पत्करिला. आसपासच्या गरीब मुलांस घरी जमवून ती शिकवू लागली. प्रारंभी एकच मुलगा असलेल्या या शाळेत पुढे सत्तराहून अधिक मुले येऊ लागली.

१८०० साली जोसेफ फ्राय या क्वेकर व्यापाऱ्याशी तिचा विवाह झाला आणि ती लंडनला आली. पुढील बावीस वर्षांत या दांपत्यास अकरा अपत्ये झाली. १८११ मध्ये क्वेकर मंडळीने फ्रायबाईंस उपदेशक म्हणून मान्यता दिली. या पंथात स्त्रियांसही हा अधिकार होता.

१८१३ च्या हिवाळ्यात स्टीफन ग्रेलेट नावाचे एक गृहस्थ त्यांच्याकडे आले. हे जन्माने फ्रेंच; पुढे अमेरिकेत जाऊन क्वेकर झालेले. ते नुकतेच न्यूगेटच्या तुरुंगातील स्त्रियांचा विभाग पाहून आले होते. तेथे जाऊ नये म्हणून तुरुंगाच्या लोकांनी त्यांचे मन वळविण्याचा यत्न केला. पण ते हट्टाने आत गेले. आत त्यांनी आजारी स्त्रिया थंड फरशीवर पडलेल्या आणि नुकती जन्मलेली अर्भके जवळजवळ उघडी असलेली पाहिली. हे ऐकताच फ्रायबाईंनी फ्लॅनेलचे कापड आणविले, ओळखीच्या स्त्रियांस शिवावयास बसविले आणि कपडे तयार होताच अ‍ॅना बक्स्टन या मैत्रिणीसह न्यूगेट गाठले.

दाराशी परवानगीचा प्रश्न उभा राहिला. तुरुंगाधिकारी दुष्ट नव्हता. बाईंच्या हेतूविषयी त्यास शंकाही नव्हती. अडचण निराळीच होती. त्या विभागावर त्याचा अंमल उरला नव्हता आणि आत पाऊल टाकावयास तो स्वतःच नाखूष असे. निदान घड्याळ तरी कचेरीत ठेवून जावे, कारण आपण सोबत असलो तरी ते हिसकावून घेतले जाईल, असे त्याने बाईंस बजाविले. ज्याच्या हाती किल्ल्या, तोच भ्यालेला! तथापि बाईंनी आग्रह सोडला नाही आणि दार उघडले.

सुमारे १९० चौरस वारांच्या जागेत, दोन मोठ्या खोल्या व दोन कोठड्यांत, जवळजवळ ३०० स्त्रिया आपल्या मुलांसह कोंबलेल्या होत्या. चौकशी व्हावयाची होती त्या आणि फाशीची शिक्षा झालेल्या, किरकोळ चोरी केलेल्या आणि निर्ढावलेल्या, साऱ्या एकत्र. तेथेच स्वयंपाक, तेथेच धुणे, तेथेच अंथरुणावाचून झोप. पाहुणा दिसताच गजांतून काठ्यांना बांधलेले लाकडी चमचे पुढे करून त्या भीक मागत आणि मिळालेल्या पैशांची दारू घेत. फ्रायबाईंनी अर्भकांस कपडे घातले, आजाऱ्यांस गवताच्या गाद्या मिळवून दिल्या आणि त्या स्त्रियांसाठी प्रार्थना केली. उद्दाम म्हणून ज्यांची ख्याती, त्यांपैकी कित्येकींच्या डोळ्यांत त्या वेळी पाणी आले.

यानंतर जवळजवळ चार वर्षे बाईंस न्यूगेटला नेमाने जाता आले नाही. घरात बाळंतपणे, आजार आणि द्रव्याची ओढाताण सुरू होती. १८१५ मध्ये त्यांची सुमारे पाच वर्षांची लाडकी कन्या दगावली. हा काळ वाया गेला असे आम्हांस वाटत नाही. पहिल्या वेळी त्या गरिबांस वस्त्र देणाऱ्या दयाळू बाई म्हणून गेल्या होत्या. दुसऱ्या वेळी गेल्या त्या मूल गमावलेली आई म्हणून.

१८१६ च्या नाताळाच्या सुमारास त्या पुन्हा दाराशी आल्या. या वेळी आपणांस स्त्रियांजवळ एकटेच सोडावे, अशी त्यांनी विनंती केली. मागून दार बंद झाले. बाईंनी मत्तयकृत शुभवर्तमानातील द्राक्षमळ्याच्या मजुरांचा दाखला वाचून दाखविला. दिवस मावळता मावळता कामास आलेल्या मजुरासही धनी पूर्ण मजुरी देतो, ही कथा त्या उशिरा जागलेल्या जिवांस किती लागू पडली असेल! ख्रिस्त कोण, असे विचारणाऱ्याही काही त्यांत होत्या. मग बाईंनी मुलांची गोष्ट काढली. ही निरपराध लेकरे येथेच वाढून कशी होतील? त्यांच्यासाठी शाळा काढावी काय? आयांनी आनंदाने होकार दिला आणि शिक्षिकाही स्वतःच निवडली. घड्याळ चोरल्याच्या आरोपावरून आलेली मेरी कॉनर नावाची ती तरुणी होती.

अधिकाऱ्यांनी विचार करून कळविले की, कल्पना चांगली, परंतु तुरुंगात रिकामी जागा मुळीच नाही. दुसरा कोणी असता तर उपकार मानून घरी परतला असता. बाईंनी त्यांच्याशी वाद घातला नाही. पुन्हा स्त्रियांत जाण्याची तेवढी परवानगी मागितली आणि आत जाऊन स्वतःच शोध केला. एक कोठडी रिकामी सापडली! त्याच कोठडीत शाळा भरली. जागा अपुरी म्हणून कित्येक मोठ्या स्त्रियांस परत फिरवावे लागले. त्या दाराशी उभ्या राहून आम्हांसही शिकवा, अशी याचना करू लागल्या.

त्यांच्यासाठी काम काढावे, शिवण व विणकाम शिकवावे, असे बाईंच्या मनात आले. हितचिंतकांनी सांगितले की, दिलेले कापड चोरीस जाईल, नवलाई सरताच साऱ्या जुन्या वळणावर जातील. तरीही एप्रिल १८१७ मध्ये अकरा क्वेकर स्त्रिया आणि एका धर्मोपदेशकाची पत्नी मिळून न्यूगेटमधील स्त्री-बंदिवानांच्या सुधारणेसाठी मंडळ स्थापन झाले. रोज आळीपाळीने तुरुंगात जाण्याचे त्यांनी पत्करिले. जोसेफ फ्राय यांनी शहराचे शेरीफ, तुरुंगाधिकारी व तेथील धर्मोपदेशक यांस आपल्या घरी बोलाविले. या गृहस्थांस यशाची आशा फारशी नव्हती. तथापि त्यांनी तुरुंगात स्त्रियांस एकत्र जमविले आणि त्या नियम पाळावयास तयार आहेत काय, हे त्यांच्याच तोंडून विचारून घेतले. स्त्रियांनी रुकार दिला. जुनी धुण्याची खोली साफ करून, तीस चुना देऊन, तेथे कामाची जागा झाली.

यानंतरची गोष्ट आम्हांस या चरित्रातील सर्वांत महत्त्वाची वाटते. नियम तयार झाले. परंतु बाईंनी ते भिंतीवर चिकटवून दिले नाहीत. एकेक नियम वाचावा, त्याचे कारण समजावून द्यावे आणि मान्य असेल त्या स्त्रियांनी हात वर करावा, अशी पद्धत ठेविली. प्रत्येक नियमास सर्वांचे हात वर झाले. भीक, शिवीगाळ, पत्ते, भांडण बंद. बारा-बारा स्त्रियांवर त्यांच्यातीलच एक प्रमुख. सर्वांवर देखरेखीस एक पगारी स्त्री. त्यांतला एक नियम भेटीविषयी होता. बंदिवानांपैकीच एकीस अंगणाची राखणदार नेमावे. कोणाचे आप्त आले म्हणजे तिने त्या स्त्रीस वर्दी द्यावी. त्या स्त्रीने हातचे काम प्रमुखाकडे सोपवून गजांपाशी जावे आणि आपल्या माणसांशी बोलण्यापलीकडे तेथे वेळ घालवू नये. पूर्वी जेथे भिकेचे चमचे बाहेर येत, तेथे आता आईस लेकरू आणि बहिणीस भाऊ नीटपणे भेटू लागला. ज्यांना भेटावयास जावयाचे त्यांचीही परवानगी घ्यावी लागते, हे बाईंनी ओळखले होते. अधिकाऱ्याच्या हुकमाने दार उघडते, मनुष्य उघडत नाही.

थोड्याच दिवसांत लॉर्ड मेयर व शहराचे अधिकारी पाहणीस आले. त्यांच्यापुढे स्वच्छ पोशाखातील, शांतपणे कामास बसलेल्या स्त्रिया होत्या. नगरसंस्थेने ही योजना तुरुंगाच्या व्यवस्थेत सामील केली आणि देखरेख करणाऱ्या स्त्रीच्या वेतनाचा काही भार उचलला. फेब्रुवारी १८१८ मध्ये पार्लमेंटच्या कॉमन्स सभेच्या समितीने फ्रायबाईंची साक्ष घेतली. न्यूगेटचे वाचन ऐकावयास मोठमोठे लोक येऊ लागले.

याच वर्षी त्यांस मोठे अपयशही आले. हॅरिएट स्केल्टन नावाची एक तरुण स्त्री खोट्या नोटा चालविल्याबद्दल फाशीच्या शिक्षेस पात्र ठरली. हे काम तिने पतीच्या सांगण्यावरून केले होते. त्या काळी या गुन्ह्यास देहान्त शासन होते. बाईंनी ग्लॉस्टरच्या ड्यूकांस तिच्या भेटीस आणिले, बँकेकडे रदबदली केली, गृहमंत्री लॉर्ड सिडमथ यांच्याकडे विनंत्या केल्या. परंतु सारे व्यर्थ झाले व ती फाशी गेली. इतकेच नव्हे तर मंत्रिमहाशय बाईंवर रुष्ट झाले. गैरसमज दूर करण्यास त्या गेल्या असता त्यांचा सत्कार थंडपणाने झाला. ज्यांच्या अनुज्ञेवर आपले सारे कार्य अवलंबून, त्यांस दुखवूनही एका जिवासाठी बोलावे की मौन धरून दार उघडे राखावे? बाई बोलल्या. त्यांनी योग्य केले असे आमचे मत आहे. आणि अपमान गिळून दुसऱ्या दिवसापासून पुन्हा त्याच दारातून आत जात राहिल्या, हे त्याहून अधिक योग्य केले.

काळ्या पाण्यावर ऑस्ट्रेलियास धाडावयाच्या स्त्रियांस उघड्या गाड्यांतून लोकांच्या चेष्टा सोशीत बंदराकडे नेत. निघण्याच्या आदल्या रात्री तुरुंगात दंगा होई. बाईंनी अधिकाऱ्यांकडून बंद गाड्यांची सोय करून घेतली आणि आपण स्वतः मागून गेल्या. १८१८ मध्ये मारिया या जहाजावरील १२८ स्त्रियांच्या बारा-बारांच्या टोळ्या पाडून त्यांनी कामाची व मुलांच्या शिक्षणाची व्यवस्था लाविली. पुढे प्रत्येकीस सुया, दोरा व गोधडीसाठी कापडाचे तुकडे देण्याचा प्रघात पडला. अशा शंभरांहून अधिक जहाजांस त्यांच्या मंडळाने भेटी दिल्या. १८२३ मध्ये गृहमंत्री रॉबर्ट पील यांच्या पुढाकाराने झालेल्या तुरुंगविषयक कायद्याने स्त्री-बंदिवानांवर स्त्रियांचीच देखरेख असावी, असे ठरविले.

उत्तर आयुष्य सुखाचे नव्हते. १८२८ मध्ये पतीची पेढी बुडाली. क्वेकर मंडळीने जोसेफ यांस सभासदत्वातून काढिले. घर सोडावे लागले. दिवाळखोराच्या पत्नीने लोकसेवा कोणत्या तोंडाने करावी, असे त्यांच्या मनास लागून राही. मुलांची आबाळ करितात, असा टोमणाही त्यांनी आयुष्यभर ऐकिला आणि तो अगदीच निराधार होता असे म्हणवत नाही. १८३६ मध्ये सरकारी तपासनीसांनी न्यूगेटच्या वाचनास जमणाऱ्या पाहुण्यांच्या गर्दीवर टीका केली. तरीही फ्रायबाई जात राहिल्या. १८४२ मध्ये प्रशियाचे राजे चौथे फ्रेडरिक विल्यम त्यांच्यासह न्यूगेटला आले. ऑक्टोबर १८४५ मध्ये रॅम्सगेट येथे समुद्रकाठी त्यांचे देहावसान झाले.

न्यूगेटची इमारत १९०२ पासून पाडण्यात आली. त्या जागी १९०७ मध्ये फौजदारी न्यायालय उघडले. २००२ पासून २०१७ पर्यंत बँक ऑफ इंग्लंडच्या पाच पौंडांच्या नोटेवर फ्रायबाईंचे चित्र होते. खोट्या नोटांपायी हॅरिएट फासावर गेली, तेव्हा त्याच बँकेने बाईंची रदबदली मानिली नव्हती. त्या नोटेवर एका किल्लीचेही चित्र होते. ती न्यूगेटची किल्ली. बाईंस त्यांच्या कार्याबद्दल ती अर्पण झाली होती.

विद्यार्थिमित्रहो, घड्याळ कचेरीत ठेवा, असे ज्यांस प्रथम सांगितले गेले, त्यांच्याच हाती शेवटी किल्ली आली. तुरुंगात जाण्याचा प्रसंग तुम्हांपैकी फार थोड्यांवर येईल. परंतु शेजारी आजारी पडतो, वर्गमित्राच्या घरी दुःख येते, एखाद्या कुटुंबातील कोणास शिक्षा होते आणि सारा गाव त्या घराकडे पाठ फिरवितो. अशी बंद दारे तुमच्या आळीतही आहेत. तेथे जाताना भीती वाटली तर लाजू नका. ती फ्रायबाईंसही वाटे. नम्रतेने दार ठोठवा, आतल्या मनुष्याची अनुज्ञा घ्या आणि पहिल्या वेळी दार उघडले नाही तर पुन्हा जा.