सरकारी नोकरीतला अवलिया : प्रमोद पती

'फिल्म्स डिव्हिजन' म्हटलं की काय आठवतं, हे घरी आई-बाबांना विचारून बघा. पिक्चरच्या आधी लागणारी ती डॉक्युमेंटरी! धरणं, खतं, कुटुंब नियोजन... पब्लिक तोवर बाहेर समोसे खायचं. पण ह्याच सरकारी खात्यातल्या एका माणसाने त्या पब्लिकला, कोणी न मागता, चक्क प्रायोगिक कला दाखवली. ते म्हणजे प्रमोद पती.

पती मूळचे ओडिशाचे, जन्म १९३२ चा. चेकोस्लोव्हाकियात यिरी त्र्न्का ह्या दिग्गजाकडे ते बाहुल्यांचं ॲनिमेशन शिकले आणि पुढे मुंबईत फिल्म्स डिव्हिजनमध्ये आले. १९६५ नंतर जाँ भावनगरी तिथे सल्लागार होते, त्यांनी प्रयोगांना मोकळीक दिली.

मग पतींनी बाहुल्यांच्या जागी जिवंत माणसं घेतली! ह्याला पिक्सिलेशन म्हणतात. एक पोझ, एक फ्रेम. माणूस जरासा सरकला की पुढची फ्रेम. सेकंदाला २४, म्हणजे मिनिटाला १४४० फ्रेम्स. सबमिशनच्या आदल्या रात्री जर्नल उतरवणाऱ्या आपल्याला हा पेशन्स कळणं कठीणच! 'क्लॅक्सप्लोजन' (१९६८) मध्ये हे तंत्र कुटुंब नियोजनाच्या प्रचाराला वापरलं. 'आबिद' (१९७२) मध्ये 'डब्बूजी'वाले आबिद सुरती स्वतः एका खोलीत रंगांच्या गराड्यात बाहुलीसारखे हलतात.

आणि 'एक्सप्लोरर' (१९६८)? बापरे! निवेदन नाही, गोष्ट नाही. नाचणारी तरुण मुलं, प्रयोगशाळा, देवधर्म, सगळं धडाधड डोळ्यांवर आदळतं, वर विजय राघव राव यांचं संगीत. सात-एक मिनिटांत डोकं गरगरतं. मला पहिल्यांदा काहीच कळलं नाही, तरी लगेच दुसऱ्यांदा लावली.

मुंबईत दूरदर्शन आलं २ ऑक्टोबर १९७२ ला. त्याआधी घरात पडदाच नव्हता, पण थिएटरांना मात्र ह्या फिल्म दाखवणं सक्तीचं होतं. पतींनी त्या सक्तीचाच फायदा उठवला. गॅलरीत कधी पाऊल न टाकलेल्या माणसासमोर त्यांची कला गेली, तीही सरकारी पैशाने. नाव मात्र थोड्यांच्याच लक्षात राहिलं.

१९७५ मध्ये, चाळिशी नुकती ओलांडलेली असताना, ते गेले. २०२२ मध्ये फिल्म्स डिव्हिजनसुद्धा एनएफडीसीत विलीन झालं. पेडर रोडच्या त्या आवारात २०१९ पासून सिनेमाचं राष्ट्रीय संग्रहालय आहे, वाशीहून लोकल-बस करत एका रविवारी सहज होतं. मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात सर्वात नावीन्यपूर्ण फिल्मसाठी पतींच्या नावाने पुरस्कारही ठेवलाय.