अर्नोल्ड रिडली

अर्नोल्ड रिडली (जन्म : बाथ, ७ जानेवारी १८९६, मृत्यू : लंडन, १२ मार्च १९८४) हे एक ब्रिटिश नाटककार व चरित्र अभिनेते होते. ऐन तारुण्यात ‘द घोस्ट ट्रेन’ या रहस्यनाट्याचे लेखक म्हणून आणि उतारवयात बीबीसीच्या ‘डॅड्स आर्मी’ या विनोदी दूरचित्रवाणी मालिकेतील शिपाई गॉडफ्री म्हणून ते प्रसिद्धीस आले. या दोन यशांमध्ये चार दशकांहून अधिक काळाचे अंतर होते.

बालपण व शिक्षण

रिडली यांचा जन्म इंग्लंडमधील बाथ या शहरी झाला. त्यांचे वडील व्यायामशिक्षक होते व त्यांचे पादत्राणांचे दुकानही होते. ब्रिस्टल विद्यापीठात शिक्षण घेतल्यानंतर रिडली यांनी काही काळ अध्यापन केले. मात्र ओढा रंगभूमीकडे होता.

पहिले महायुद्ध

१९१५ मध्ये ते सॉमरसेट लाइट इन्फन्ट्री या पलटणीत दाखल झाले. १९१६ च्या सॉमच्या लढाईत समोरासमोरच्या झटापटीत जर्मन सैनिकाच्या बंदुकीच्या दस्त्याचा घाव त्यांच्या डोक्यावर बसला, तर संगिनीने जांघेत व डाव्या हातावर जखमा झाल्या. डावा हात पुढे कायमचा अधू राहिला आणि डोक्याच्या दुखापतीमुळे त्यांना अधूनमधून भोवळ येत असे. १९१७ मध्ये त्यांना सैन्यातून मुक्त करण्यात आले.

युद्धावर न जाणाऱ्या तरुणांच्या हाती भेकडपणाची खूण म्हणून पांढरे पीस ठेवण्याची प्रथा त्या काळी इंग्लंडमध्ये होती. सैन्यातून परतलेल्या रिडली यांनाही एका अनोळखी स्त्रीने असे पीस दिले. जखमी सैनिकाचा बिल्ला ते छातीवर न लावता खिशात ठेवीत. त्यांनी तो दाखविला नाही. पीस निमूटपणे स्वीकारले.

नाट्यलेखन

१९१८ मध्ये ते बर्मिंगहॅम रेपर्टरी थिएटरमध्ये रुजू झाले. परंतु जुन्या जखमा पुन्हा त्रास देऊ लागल्याने काही वर्षांतच त्यांना अभिनय सोडून वडिलांच्या दुकानात काम करावे लागले. याच काळात ते लेखनाकडे वळले. ब्रिस्टलजवळील मँगोट्सफील्ड या आडबाजूच्या स्थानकावर गाडीची वाट पाहत अडकून पडले असताना त्यांना ‘द घोस्ट ट्रेन’ची कल्पना सुचली. १९२५ मध्ये हे नाटक लंडनच्या रंगभूमीवर आले व त्याचे ६०० हून अधिक प्रयोग झाले. एका निर्जन स्थानकात रात्रभर अडकलेले प्रवासी, भुताच्या गाडीची दंतकथा आणि तिच्या आडून चालणारी तस्करी असे त्याचे कथानक आहे. त्यावर अनेक चित्रपटही निघाले. रिडली यांनी एकूण ३० हून अधिक नाटके लिहिली.

१९३० च्या दशकात त्यांनी भागीदारीत चित्रपटनिर्मिती संस्था काढली. मात्र तिला अर्थसाहाय्य करणारी बँक बुडाली आणि त्यांच्यावर मोठे कर्ज झाले. ते फेडण्यात त्यांची अनेक वर्षे गेली.

दुसरे महायुद्ध

१९३९ मध्ये रिडली अधिकारी म्हणून पुन्हा सैन्यात गेले. फ्रान्समधील माघारीच्या वेळी, मे १९४० मध्ये, बूलोन्य बंदरातून युद्धनौकेने त्यांची सुटका झाली. या अनुभवाचा त्यांच्या मनावर खोल परिणाम झाला व प्रकृतीच्या कारणास्तव त्यांना लवकरच सेवेतून मुक्त करण्यात आले. त्यानंतर ते कॅटरहॅम येथील होम गार्डमध्ये सामील झाले आणि सैनिकांच्या मनोरंजनासाठी स्थापन झालेल्या एन्सा या संस्थेसाठी त्यांनी नाटके दिग्दर्शित केली.

दूरचित्रवाणीवरील कारकीर्द

युद्धोत्तर काळात त्यांनी छोट्या-मोठ्या भूमिका केल्या. १९६८ मध्ये, वयाच्या ७२ व्या वर्षी, जिमी पेरी व डेव्हिड क्रॉफ्ट लिखित ‘डॅड्स आर्मी’साठी त्यांची निवड झाली. १९७७ पर्यंत चाललेल्या या मालिकेचे ८० भाग झाले. वॉल्मिंग्टन-ऑन-सी या काल्पनिक गावातील होम गार्डची तुकडी हा तिचा विषय होता. त्यांतील चार्ल्स गॉडफ्री हा दोन बहिणींसह राहणारा, मृदुभाषी, निवृत्त दुकान-कर्मचारी आहे. वार्धक्यामुळे होणारी त्याची तारांबळ विनोदाचा विषय होई. परंतु रिडली यांनी तो कधी हास्यास्पद होऊ दिला नाही.

१९६९ मधील ‘ब्रँडेड’ या भागात गॉडफ्रीने पहिल्या महायुद्धात सदसद्विवेकबुद्धीला स्मरून शस्त्र धरण्यास नकार दिला होता, हे उघड होते व सहकारी त्याला वाळीत टाकतात. पुढे, शुश्रूषापथकात राहून गोळीबारात जखमींना वाचविल्याबद्दल त्याला शौर्यपदक मिळाले होते, हे कळताच सर्व जण खजील होतात. स्वतः लढलेल्या आणि तरीही भेकडपणाचा डाग सोसलेल्या अभिनेत्याने ही भूमिका केल्यामुळे हा भाग विशेष उल्लेखनीय ठरतो.

सन्मान व अखेर

१९८२ मध्ये रंगभूमीच्या सेवेबद्दल त्यांना ‘ऑर्डर ऑफ द ब्रिटिश एम्पायर’ हा किताब मिळाला. ते बाथ रग्बी क्लबचे काही काळ अध्यक्ष होते. वयाच्या ८८ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. ‘स्टार वॉर्स’ चित्रपटमालिकेतील अभिनेत्री डेझी रिडली ही त्यांच्या भावाची नात होय.