न्यायासनावरील माधवराव

न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांना आपण थोर समाजसुधारक आणि अर्थशास्त्रज्ञ म्हणून ओळखतो. परंतु त्यांच्या आयुष्याची अनेक वर्षे सामान्य माणसांचे लहानसहान दावे ऐकण्यात व तपासण्यात गेली, हे पुष्कळांस ठाऊक नसते.

माधवरावांचा जन्म १८ जानेवारी १८४२ रोजी नाशिक जिल्ह्यातील निफाड येथे झाला. मुंबईस एम. ए. व एल्‌एल्‌. बी. या पदव्या संपादन केल्यावर १८७१ साली ते पुण्यास दुय्यम न्यायाधीश झाले. पुढे नाशिक व धुळे येथेही त्यांनी हेच काम केले.

त्या काळी दख्खनचा शेतकरी कर्जात बुडाला होता. त्याला लिहितावाचता येत नसे. सावकाराने लिहिलेल्या रोख्यावर तो नांगराची निशाणी करी. नव्या रोख्यात मागील व्याज मुद्दल होऊन बसे आणि दावा लागला की जमीन हातची जाई. १८७५ साली या संतापाचा भडका उडाला. पुणे व अहमदनगर (आताचे अहिल्यानगर) या जिल्ह्यांत लोकांनी सावकारांचे रोखे जाळले. तेव्हा सरकारने १८७९ साली शेतकऱ्यांसाठी स्वतंत्र कायदा केला. मूळ कर्ज किती, फेड किती झाली, हे न्यायाधीशाने स्वतः तपासावयाचे. थकलेले व्याज मुद्दलाहून अधिक धरावयाचे नाही. शक्य तेथे हप्ते बांधून द्यावयाचे, असे त्यात ठरले.

कायदा चांगला होता. पण कंटाळून कोणी हिशेबच न पाहिला, तर शेतकऱ्याला त्याचा काय उपयोग? अशी देखरेख करणाऱ्या खास न्यायाधीशाच्या पदावर १८८७ साली माधवरावांची नेमणूक झाली. पुणे, सातारा, सोलापूर व अहमदनगर या जिल्ह्यांत फिरून ते न्यायालयांची दप्तरे तपाशीत. चुकीचा निकाल फिरविण्याचा अधिकार त्यांना होता. सावकाराचे खरे येणे बुडू नये आणि शेतकऱ्याच्या माथी खोटे देणे बसू नये, यासाठी दोन्ही बाजूंचा हिशेब बारकाईने पाहावा लागे. दृष्टी अधू असूनही माधवरावांनी हे किचकट काम वर्षानुवर्षे केले.

१८९३ साली ते मुंबईच्या उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती झाले. १६ जानेवारी १९०१ रोजी त्यांचे निधन झाले. उच्च न्यायालयाची पायरी चढण्याचे बळ गरिबाच्या अंगी क्वचितच असते. त्याला न्याय मिळावयाचा तो गावाजवळच्या लहान न्यायालयातच. तेथील एकेक कागद माधवरावांनी मोलाचा मानला, यातच त्यांची थोरवी आहे.